आपोआप कापले जाणारे पैसे कसे थांबवायचे

लक्ष्मी रोडवरच्या एका बँकेत मी ३१ वर्षं काउंटरवर होते. दरमहा पैसे वळते करायचे तर माणूस समोर यायचा, फॉर्म भरायचा, सही करायचा. थांबवायचे असले की साध्या कागदावर दोन ओळी. हो म्हणायला जेवढे कष्ट, तेवढेच नाही म्हणायला.

परवा डहाणूकर कॉलनीत नणंदेचा फोन घेऊन बसले. 'सात दिवस फुकट' म्हणून घेतलेल्या योगासनांच्या अ‍ॅपला दोन वर्षं महिना १९९ रुपये जात होते. "पण वहिनी, ते अ‍ॅप मी केव्हाच काढून टाकलंय!" इथेच सगळे फसतात. अ‍ॅप काढलं म्हणून वर्गणी थांबत नाही.

तीन जागा बघायच्या. आधी यूपीआयचं अ‍ॅप: आपल्या फोटोवर टिचकी मारली की 'ऑटोपे' किंवा 'मँडेट' (म्हणजे आपोआप पैसे कापायला आपण दिलेली परवानगी) सापडतं. दोन-तीन अ‍ॅप वापरत असाल तर प्रत्येकात बघा. रद्द करताना पिन लागतो, तो आपल्याच हाताने टाकायचा. "मी करून देतो" म्हणत कुणी फोन केला तर सरळ ठेवून द्या. मग प्ले स्टोअरमधली सदस्यत्वं. शेवटी कार्ड: बँकेच्या साइटवर 'ई-मँडेट' शोधा.

पण दिसेल ते रद्द करत सुटू नका. नणंदबाई तावातावाने विम्याचा हप्ताच रद्द करायला निघाल्या होत्या, मी हात धरला. चुकला तर नुकसान होईल ते राहू द्या; विमा, एसआयपी (म्युच्युअल फंडात दरमहा जाणारे पैसे) वगैरे.

पैसे कापण्याच्या किमान २४ तास आधी कळवलंच पाहिजे, असा रिझर्व्ह बँकेचा नियम १ ऑक्टोबर २०२१ पासून आहे. एकदा मंजुरी दिली की साधारण १५,००० रुपयांपर्यंत दर वेळी ओटीपी मागत नाहीत, म्हणून तो मेसेज वाचायचा. आपण मात्र बँकेचे मेसेज न वाचताच पुसतो! रद्द करायची सोयच लपवून ठेवली असेल तर १९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार करा. सरकारने २०२३ मध्ये बंदी घातलेल्या १३ फसव्या क्लृप्त्यांत वर्गणीचा हा सापळाही आहे.

विजेचं बिल मी अजून हातानेच भरते. आकडा बघितला की कळतं, गीझर कोण चालू ठेवतं ते.