लघुपटात पहिले काम स्वीकारताना

पुण्यात पुरुषोत्तम किंवा फिरोदिया करंडक या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धांच्या रंगमंचावरून आलेल्या मुलामुलींची कॅमेऱ्याशी पहिली गाठ बहुधा एखाद्या मित्राच्या लघुपटात किंवा एफटीआयआय या चित्रपट प्रशिक्षण संस्थेच्या विद्यार्थ्यांच्या पदविकापटात पडते. अशा कामात मानधन नाममात्र असते, पुष्कळदा नसतेच. म्हणून होकार देण्यापूर्वी संहिता पूर्ण वाचावी आणि ध्वनिमुद्रणासाठी स्वतंत्र माणूस आहे का, हे आवर्जून विचारावे. चित्र थोडे अंधारे असले तरी खपून जाते. संवादच नीट ऐकू येत नसतील, तर तुम्ही केलेले काम वाया गेले असे समजा.

नाटकातून आलेल्यांना आवाज आवरावा लागतो, हे सगळेच सांगतात. त्याहून अवघड गोष्ट म्हणजे कंटिन्युइटी, म्हणजे एकाच प्रसंगाच्या वेगवेगळ्या शॉटमध्ये हालचाली आणि वस्तू तंतोतंत जुळवणे. समजा, लाँग शॉटमध्ये ‘आई कुठे गेली?’ यातल्या ‘कुठे’ या शब्दावर तुम्ही उजव्या हाताने चहाचा कप उचलला. तासाभराने प्रकाशयोजना बदलून क्लोजअप लागला की तोच हात त्याच शब्दावर उठला पाहिजे आणि कपात चहाही तेवढाच हवा. तसे झाले नाही, तर दोन शॉट जुळत नाहीत आणि संकलक तुमचा उत्कृष्ट टेक नाइलाजाने बाजूला ठेवतो. छोट्या युनिटमध्ये हे टिपून ठेवायला वेगळा सहायक क्वचितच असतो, त्यामुळे प्रत्येक टेकनंतर स्वतःच्या संहितेच्या समासात पेन्सिलीने नोंद करावी.

काम मैत्रीतले असले तरी चित्रीकरणाचे दिवस, प्रवासखर्च, श्रेयनामावलीतील नाव आणि तुमच्या दृश्यांची प्रत कधी मिळणार, एवढे तरी व्हॉट्सॲपवर लिहून घ्यावे. (लाज वाटते, हे मान्य, पण चित्रीकरण संपल्यावर विचारायला त्याहून जास्त लाज वाटते.) आधी ऑनलाइन प्रदर्शित झालेला लघुपट अनेक महोत्सव स्वीकारत नाहीत, त्यामुळे दिग्दर्शक तो वर्षभरही यूट्यूबवर टाकत नाही. तेवढा काळ तुमच्या हाती दाखवण्याजोगे काहीच नाही असे होऊ नये, यासाठी निवडक दृश्ये पासवर्ड असलेल्या लिंकवर केवळ भूमिकांसाठी कलाकार निवडणाऱ्यांना दाखवण्याची परवानगी मागावी, आणि ती मिळाली तरी इन्स्टाग्रामवर काही टाकू नये.

शोरील, म्हणजे तुमच्या निवडक दृश्यांची छोटी चित्रफीत, दीड मिनिटाच्या आत बसवावी आणि पहिल्याच क्षणी तुमचा बोलता चेहरा दिसावा. ज्या प्रसंगात सहकलाकाराने बाजी मारली आहे, तो कितीही आवडता असला तरी गाळावा. अन्यथा निवड करणारा त्याचाच फोन नंबर मागतो.