काळ्या यादीतून बाहेर पडताना

डांबरीकरणाचे काम मुदतीत पूर्ण झाले नाही म्हणून एका कार्यालयाने मला काळ्या यादीत टाकून तीन वर्षे निविदा भरण्यास मनाई केली. काम रखडले होते हे खरे. मात्र आधी आलेल्या नोटिशीत केवळ दंड आणि अनामत जप्तीचा उल्लेख होता.

संतापाच्या भरात निवेदनांवर निवेदने पाठवण्यात मी दोन महिने घालवले, ही चूक माझीच. वकिलांनी मात्र सर्वांत आधी ती मूळ नोटीस मागितली आणि नेमके तिच्यावरच बोट ठेवले. बाजू मांडण्याची संधी दिल्याशिवाय कोणालाही काळ्या यादीत टाकता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1974 मध्ये इरुसियन इक्विपमेंट प्रकरणात सांगितले होते; अशी कारवाई योजली आहे हे नोटिशीतून स्पष्टपणे, निदान तिच्या मजकुरावरून निःसंदिग्धपणे, कळले पाहिजे, हे 2014 च्या गोरखा सिक्युरिटी निकालात आले.

राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात केलेल्या रिट याचिकेत आम्ही कामाच्या गुणदोषांवर फारसा भर दिला नाही. नोटीस, पोच, माझे उत्तर, आदेश आणि तोंडावर आलेल्या निविदेची अंतिम तारीख एवढेच क्रमाने जोडले. आधी स्थगिती मिळाली, पुढे आदेश रद्द झाला, पण नव्याने नोटीस काढण्याची मुभा कार्यालयाला राहिली.

ती नोटीस आलीच. या वेळी जागा उशिरा ताब्यात मिळाल्याचा पत्रव्यवहार आणि पावसाचे दिवस दाखवणारी कामाच्या जागेची नोंदवही जोडून मी उत्तर दिले. प्रकरण दंडावर मिटले.