येरवड्यातून पॅरोल: अर्जाआधी पोलीस अहवालाची तयारी करा

खटला अजून चालू असेल, म्हणजे तुमचा आत असलेला माणूस कच्चा कैदी असेल, तर पॅरोलच्या मागे लागू नका. त्याला कारागृह स्वतःहून सोडू शकत नाही. वकिलामार्फत न्यायालयात तात्पुरत्या जामिनाचा अर्ज करा. पुढचे सगळे शिक्षा लागलेल्या बंद्यांसाठी आहे.

शिक्षा भोगताना काही दिवस बाहेर येण्याच्या दोन रजा असतात: संचित रजा (फर्लो) आणि अभिवचन रजा (पॅरोल). त्यांत गल्लत करू नका. फर्लोला कारण लागत नाही आणि ते दिवस शिक्षेत धरले जातात. पॅरोलला ठोस कारण लागते आणि बाहेर काढलेले दिवस शिक्षेत धरत नाहीत. घरातला मृत्यू किंवा लग्न यासाठी तातडीचा पॅरोल असतो. २०१८च्या दुरुस्तीने तो १४ दिवसांचा केला, त्याला मुदतवाढ नाही. आजारपणासारख्या कारणासाठी नियमित पॅरोल. अर्जात ‘तातडीचा’ की ‘नियमित’ हे स्पष्ट लिहा.

अर्ज बंदी आतून अधीक्षकांच्या नावे देतो. तुम्ही कागद पोहोचवा आणि आवक क्रमांक घ्या. नातेवाइकाच्या आजारपणाच्या दाखल्यावर नुसते ‘विश्रांतीची गरज’ असेल तर तो कुचकामी. निदान, उपचाराची किंवा शस्त्रक्रियेची तारीख, डॉक्टरांची सही, शिक्का आणि नोंदणी क्रमांक हवा. रुग्णाकडे बघायला घरात दुसरे कोणी का नाही, हेही लिहा.

आता खरी अडचण: पोलीस अहवाल, म्हणजे पत्ता आणि जामीनदार तपासून रजा द्यावी का यावर पोलिसांनी कळवलेले मत. बहुतेक अर्ज इथेच आपटतात, आणि लोक मात्र अर्जाची भाषा घोटत बसतात.

आधी पत्त्याची हद्द तपासा. चाकण, आळंदी, तळेगाव दाभाडे ही ठिकाणे पिंपरी-चिंचवड आयुक्तालयात आहेत. लोणीकंद आणि लोणी काळभोर २०२१पासून पुणे शहर पोलिसांकडे. जुन्या सवयीने ‘पुणे ग्रामीण’ लिहिले की कागद चुकीच्या कार्यालयात जातो, तिथून परत फिरतो, आणि तोवर शस्त्रक्रियेची तारीख उलटून गेलेली असते. अर्जात पोलीस ठाण्याचे नाव लिहाच.

मग जामीनदार, म्हणजे बंद्याची हमी घेणारा माणूस. तो जवळचा नातेवाईक असावा आणि बंदी त्याच पत्त्यावर राहणार असावा. आधार आणि वीजबिल यांवर तोच पत्ता हवा. चौकशीला पोलीस अंमलदार दुपारी येतो, जामीनदार कामावर असतो, शेजारी ‘आम्हाला काही माहीत नाही’ म्हणतात, आणि अहवालात ‘पत्त्यावर कोणी आढळले नाही’ असे जाते. म्हणून अर्ज पुढे गेला की जामीनदाराने स्वतः ठाण्यात जाऊन जबाब द्यावा. ‘बंद्याला ठेवून घेण्यास आणि मुदतीत हजर करण्यास तयार आहे’ हे त्यात आलेले पाहूनच सही करावी. पैसे देऊन उभा केलेला जामीनदार या जबाबातच उघडा पडतो. एजंट स्टॅम्पपेपरवर जाडजूड प्रतिज्ञापत्र करायला लावतात. जबाबाची जागा ते घेत नाही.

फिर्यादीचे कुटुंब त्याच गल्लीत असेल तर तो पत्ता देऊच नका. ‘कायदा-सुव्यवस्थेचा प्रश्न निर्माण होईल’ असा शेरा जवळजवळ ठरलेला. दुसऱ्या तालुक्यातल्या काकांचा, आत्याचा पत्ता द्या आणि जामीनदारही त्यांनाच करा. फिर्यादीच्या माणसांना समजवायला घरी जाऊ नका. त्याचीच धमकीची तक्रार होते.

नकार आला तर लेखी आदेशाची प्रत मागा. कारण मोघम असेल, तर उच्च न्यायालयात त्या आदेशाविरुद्ध फौजदारी रिट याचिका करता येते. त्यासाठी पुणेकरांना मुंबईलाच जावे लागते. उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचमध्ये पुणे जिल्हा नाही. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर शिवाजीनगर न्यायालयातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा, किंवा बंद्याला आतल्या विधी सहाय्य केंद्रातून तो करायला सांगा.

सुटल्यावर ठाण्यात हजेरी लावायची अट असेल तर प्रत्येक हजेरीची नोंद करून घ्या. नियमित पॅरोलची मुदतवाढ हवी असेल तर मुदत संपायच्या बऱ्याच आधी अर्ज द्या. उत्तर आले नाही म्हणजे मंजुरी मिळाली असे नसते. मूळ तारखेला कारागृहाच्या दारात हजर व्हायचे. उशीर झाला तर गुन्हा दाखल होऊ शकतो, मिळालेली माफी (शिक्षेतली सूट) कापली जाते आणि पुढच्या रजेच्या प्रस्तावात तो शेरा पहिल्याच पानावर दिसतो.