पावतीवर डिसोझांचं नाव बिघडतंय? टेम्पलेटमधल्या या चुका टाळा

म्हापशाच्या होमस्टेची बुकिंग साइट असो की मडगावच्या दवाखान्याची, गोव्यात तिची खरी परीक्षा घेतात ती डिसोझा, डिमेलो ही नावं. रोमी लिपीत त्यांच्यात अपॉस्ट्रॉफी येते, आणि पावतीवर तिच्या जागी ' सारखं काहीतरी छापून येतं.

याचा अर्थ नाव दोनदा एस्केप झालंय, म्हणजे एचटीएमएलमध्ये खास अर्थ असलेल्या चिन्हांच्या जागी सुरक्षित कोड टाकण्याचं काम दोनदा झालंय. फॉर्म सेव्ह करताना कोणीतरी एकदा केलं, मग जँगोने किंवा ब्लेडने (टेम्पलेट, म्हणजे पानाचा साचा, भरणाऱ्या साधनांनी) आपल्या सवयीने पुन्हा केलं. इथे घाईत 'सेफ' फिल्टर लावला जातो, म्हणजे टेम्पलेटला एस्केप करूच नको असं सांगितलं जातं. पावती सुधारते खरी, पण उद्या नावाच्या रकान्यात दुसऱ्या वाटेने, एस्केप न होता स्क्रिप्ट टॅग आला, तर त्यातला कोड मालकाच्या ब्राउझरमध्ये चालेल. डेटाबेसमध्ये नाव जसंच्या तसं ठेवा, एस्केप फक्त दाखवताना करा. आधीच बिघडलेल्या नोंदी बॅकअप घेऊन एकदाच अनएस्केप करा. जिंजा हे टेम्पलेट इंजिन सुटं (फ्रेमवर्कशिवाय) वापरत असाल तर ऑटोएस्केप, म्हणजे आपोआप होणारं एस्केप, मुळात बंद असतं, ते स्वतः चालू करावं लागतं.

तेच नाव बटणाच्या ऑनक्लिकमध्ये (बटण दाबल्यावर चालणाऱ्या जावास्क्रिप्टमध्ये) घातलं, की एस्केप नीट असूनही बटण मरतं. ब्राउझर ॲट्रिब्यूट वाचताना ' सारख्या कोडचं पुन्हा अपॉस्ट्रॉफी करतो आणि जावास्क्रिप्टला अर्धवट स्ट्रिंग मिळते. नाव डेटा-ॲट्रिब्यूटमध्ये ठेवून तिथून वाचा. जँगोत 'जेसन-स्क्रिप्ट' फिल्टर याच कामासाठी आहे.

बुकिंगची यादी डिसेंबरात रांगायला लागली तर सर्व्हरला दोष देण्याआधी क्वेरी, म्हणजे डेटाबेसला जाणाऱ्या विचारणा, मोजा. लूपमध्ये प्रत्येक बुकिंगमागे खोलीचं नाव काढलं, तर दर ओळीला एक क्वेरी जाते. जँगोत 'सिलेक्ट रिलेटेड' लावलं, की खोल्या बुकिंगबरोबर एकाच क्वेरीत येतात आणि भागतं.

विकेट किंवा जेएसएफसारख्या जावातल्या कंपोनंट फ्रेमवर्कचं (पान सुट्या भागांतून जोडणाऱ्या साधनांचं) दुखणं वेगळं, तिथे पेजची अवस्था सर्व्हर सांभाळतो. विकेटमध्ये खोल्यांची अख्खी यादी कंपोनंटच्या फील्डमध्ये ठेवली, तर पेजबरोबर तीही सिरिअलाइज होत, म्हणजे साठवण्यासाठी बाइट्समध्ये बदलली जात राहते. लोडेबल डिटॅचेबल मॉडेल वापरलं तर रिक्वेस्ट संपताच डेटा सुटतो. जेएसएफमध्ये पाहुणा अर्धा फॉर्म भरून जेवायला गेला, की परतल्यावर 'व्ह्यू एक्स्पायर्ड' (पानाची मुदत संपली) ही एरर ठरलेली. टॉमकॅट या जावा सर्व्हरचं सेशन मुळात ३० मिनिटांचं, आणि गोंयकाराचं जेवण तेवढ्यात आटपत नाही! स्टेट, म्हणजे पेजची अवस्था, क्लायंटकडे (पाहुण्याच्या ब्राउझरमध्ये) ठेवा. सेशन संपल्याने लॉगिन मात्र तरीही जाईल, तेव्हा बुकिंगचा पहिला टप्पा लॉगिनशिवायच असू द्या.