'इंटेलिजंट डिझाइन'चा दावा कसा तपासावा

अभ्यासमंडळात, महाविद्यालयाच्या वादविवादात किंवा घरी जेवताना उत्क्रांतीचा विषय निघाला की कोणीतरी विचारतेच, "डोळ्यासारखी वस्तू आपोआप कशी तयार होईल?" हा प्रश्न प्रामाणिक आहे आणि तो हसण्यावारी नेऊ नये. अमेरिकेत गेल्या शतकाच्या अखेरीस याच प्रश्नाला शास्त्रीय परिभाषा देऊन 'इंटेलिजंट डिझाइन', म्हणजे बुद्धिपुरस्सर रचना, या नावाने एक दावा उभा केला गेला. त्याचे उत्तर 'हो' किंवा 'नाही' असे एका शब्दात देणाऱ्याला आपण काय तपासले हे बहुधा सांगता येत नाही. म्हणून हा दावा पायरीपायरीने कसा तपासावा, हे येथे लिहितो.

चर्चेच्या आरंभीच तीन प्रश्न वेगळे करून फळ्यावर लिहावेत. सजीवांचे पूर्वज सामायिक आहेत काय, हा पहिला. त्या पूर्वजांपासून आजचे सजीव घडवण्यास उत्परिवर्तने (जनुकांत आपोआप होणारे बदल), नैसर्गिक निवड आणि तत्सम नैसर्गिक प्रक्रिया पुरेशा आहेत काय, हा दुसरा. ईश्वर आहे काय, हा तिसरा. या वादातील निम्म्याहून अधिक भांडण हे तीन प्रश्न एकमेकांत मिसळल्यामुळे होते, असे माझे मत आहे. इंटेलिजंट डिझाइनचे सर्वांत नावाजलेले समर्थक, लीहाय विद्यापीठातील जीवरसायनशास्त्रज्ञ मायकेल बीही, पहिल्या प्रश्नाचे उत्तर होकारार्थी देतात; माणूस आणि चिंपांझी यांचा पूर्वज एक होता हे त्यांना मान्य आहे. त्यांचा आक्षेप दुसऱ्या प्रश्नापुरता आहे. पुढे ज्याची हकीकत येते त्या डोव्हरच्या खटल्यात या दाव्याविरुद्ध साक्ष देणारे ब्राऊन विद्यापीठातील जीवशास्त्रज्ञ केनेथ मिलर हे बीहींप्रमाणेच श्रद्धावान कॅथलिक आहेत. तिसऱ्या प्रश्नावर एकमत असलेली दोन माणसे दुसऱ्या प्रश्नावर समोरासमोर उभी राहू शकतात, एवढे श्रोत्यांच्या ध्यानात आले की बोलण्यातील ताण बराच उतरतो.

त्यानंतर पूर्वपक्ष मांडावा, आणि तो प्रतिपक्षाने ऐकून "होय, मला हेच म्हणायचे आहे" असे म्हणावे इतका नेमका मांडावा. ही शिस्त आपल्या दर्शनपरंपरेचीच आहे. किंबहुना हा वादही आपल्याला नवा नाही. घट दिसला की कुंभार मानावा लागतो, जगही घटासारखे कार्य आहे, म्हणून त्यालाही कर्ता असला पाहिजे, असे नैयायिक, म्हणजे न्यायदर्शनाचे पंडित, म्हणत आणि उदयनाचार्यांनी ही मांडणी फार बारकाईने केली. त्यांच्याही आधी बौद्ध तार्किक धर्मकीर्तीने त्यावर मार्मिक आक्षेप घेतला होता. मातीचा आकार दिसला की कुंभार, असे अनुमान केले तर वारूळही कुंभारानेच घडवले असे म्हणावे लागेल. घट पाहून कुंभाराचे अनुमान होते, कारण कुंभाराला घट घडवताना आपण पाहिलेले असते. केवळ 'आकार आहे' एवढ्या साम्यावर ते टिकत नाही. इंग्लंडमध्ये धर्मोपदेशक विल्यम पेली यांनी 1802 मध्ये माळावर सापडलेल्या घड्याळाचा दाखला देऊन नैयायिकांसारखाच युक्तिवाद केला. पेलींचे घड्याळ वाचताना धर्मकीर्तीचे वारूळ जवळ ठेवावे.

बीहींचा पूर्वपक्ष मात्र पेलींपेक्षा अधिक काटेकोर आहे. काही यंत्रणा अशा असतात की त्यातील एकही भाग काढला तर उरलेली यंत्रणा पूर्णपणे निकामी होते, असे त्यांनी 1996 च्या आपल्या पुस्तकात मांडले. उंदराच्या सापळ्यातील फळी, स्प्रिंग, दांडी यांपैकी काहीही काढले तरी उंदीर सापडत नाही. जिवाणूला पोहण्यासाठी असलेली शेपटी, म्हणजे कशाभिका, ही 30 ते 40 प्रकारच्या प्रथिनांची फिरती मोटरच आहे. नैसर्गिक निवड पुढचा विचार करत नाही. आज उपयोगी असेल तेच ती टिकवते. अर्धवट मोटर उपयोगी नाही, म्हणून ती टप्प्याटप्प्याने घडणे शक्य नाही, असा हा युक्तिवाद आहे. तो मांडताना हेही सांगावे की, लहानलहान क्रमिक बदलांनी कोणत्याही प्रकारे घडू शकणार नाही असे एखादे अवयव दाखवले गेले तर आपला सिद्धान्त कोसळेल, अशी कबुली 1859 च्या ग्रंथात डार्विनने स्वतःच दिली आहे. बीहींनी त्याच ठिकाणी बोट ठेवले आहे.

पूर्वपक्ष असा पुरता मांडला की त्यातील न उच्चारलेले गृहीतक शोधावे. येथे घाई करू नये, कारण सारा निकाल याच ठिकाणी लागतो. एखाद्या भागाचे आजचे काम तेच त्याचे पूर्वीपासूनचे काम होते, आणि आज तो अत्यावश्यक आहे म्हणून पहिल्यापासून अत्यावश्यक होता, असे येथे गृहीत धरले आहे. हे समजावण्यासाठी मी दगडी कमानीचे उदाहरण घेतो. बांधून झालेल्या कमानीचा एकही दगड काढता येत नाही. कळीचा दगड काढला तर सगळी कमान खाली येते. म्हणून सारे दगड एकाच क्षणी हवेत बसवले गेले, असे कोणी गवंडी म्हणणार नाही. खाली सेंटरिंग होते आणि काम झाल्यावर ते काढून टाकले, हे त्याला माहीत असते. सजीवांमध्येही आधी केवळ सोयीचा असलेला भाग, बाकीची रचना त्याच्या आधाराने बदलत गेल्यावर, अपरिहार्य होऊन बसतो.

हे केवळ शक्यता म्हणून सांगू नये, प्रत्यक्ष पुरावा दाखवावा. प्लेगच्या जिवाणूसारख्या काही रोगकारक जिवाणूंमध्ये यजमान पेशीत विषारी प्रथिने टोचणारी सुईसारखी यंत्रणा असते आणि तिच्यातील अनेक प्रथिने कशाभिकेच्या तळाशी असलेल्या प्रथिनांशी नाते सांगणारी आहेत. म्हणजे मोटरचे बरेच भाग नसतानाही उरलेला संच दुसरे काम उत्तम करतो. मात्र या सुईपासूनच कशाभिका घडली, असे म्हणण्याची चूक करू नये. दोघींचे नाते त्याहून गुंतागुंतीचे आहे आणि जाणकार प्रतिपक्ष नेमके तेथेच अडवतो. या उदाहरणाने सिद्ध होते ते एवढेच की 'भाग काढला की सगळे निकामी' हे विधान खरे नाही, आणि आपल्याला तेवढेच पुरते. बीहींचे दुसरे उदाहरण रक्त गोठण्याच्या साखळीचे होते. तिच्यातील बारावा घटक देवमासे आणि डॉल्फिन यांच्यात नाही, तरी त्यांचे रक्त व्यवस्थित गोठते.

एवढ्यावर अनेक जण थांबतात. पण प्रतिपक्षाचा युक्तिवाद खंडित झाला म्हणून आपला पक्ष सिद्ध होत नाही. म्हणून दोन्ही पक्षांना एकच प्रश्न विचारावा: तुमचे म्हणणे खरे असेल तर निसर्गात काय सापडता कामा नये? मला हा प्रश्न साऱ्या तपासणीतील सर्वांत मोलाचा वाटतो.

उत्क्रांतीच्या बाजूने याचे सर्वांत स्वच्छ उत्तर दुसऱ्या क्रमांकाच्या मानवी गुणसूत्रात मिळते. चिंपांझी, गोरिला आणि ओरांगउटान यांच्यात गुणसूत्रांच्या 24 जोड्या असतात, माणसात 23. पूर्वज सामायिक असेल तर एक अख्खी जोडी नाहीशी होऊ शकत नाही, कारण तिच्यावरील जनुकांवाचून जीव जगणार नाही. तेव्हा दोन गुणसूत्रे एकमेकांना जोडली गेली असली पाहिजेत. तसे झाले असेल तर त्याच्या खुणाही राहिल्या पाहिजेत. गुणसूत्राच्या टोकांना टेलोमिअर नावाचा ठरावीक अक्षरांचा पुनःपुन्हा येणारा क्रम असतो. तो जोडलेल्या गुणसूत्राच्या मध्यभागी, टोकाला टोक भिडल्यासारखा, सापडला पाहिजे. शिवाय प्रत्येक गुणसूत्राला एक गुणसूत्रबिंदू, म्हणजे पेशी विभागताना ते जेथून ओढले जाते ती जागा, असतो, म्हणून येथे एक चालू आणि दुसरा निकामी असे दोन सापडले पाहिजेत. माणसाच्या दुसऱ्या गुणसूत्रावर या दोन्ही खुणा आहेत. जोडाची जागा 1991 मध्ये प्रसिद्ध झाली आणि 2005 मध्ये त्या गुणसूत्राचा संपूर्ण क्रम वाचल्यावर तिला बळकटी मिळाली. या खुणा सापडल्या नसत्या तर सामायिक पूर्वजाची कल्पना गंभीर अडचणीत आली असती. सांगणाऱ्याने हे वाक्य गाळू नये, कारण भाकिताची किंमत त्यातील धोक्यावर ठरते.

देवमाशाचे उदाहरण आपल्या उपखंडातले आहे. जमिनीवरील सस्तन प्राणी आणि देवमासे यांना जोडणारे स्पष्ट मधले जीवाश्म नाहीत, असे इंटेलिजंट डिझाइनच्या एका शालेय पुस्तकात लिहिले होते. आज पाकिस्तानातील आणि कच्छमधील खडकांतून पाय असलेल्या आदिम देवमाशांची मोठी मालिका उपलब्ध आहे. जम्मू-काश्मीरमधील कालाकोट भागातून भारतीय भूवैज्ञानिक ए. रंगा राव यांनी जमवलेल्या दगडांमधून 'इंडोह्यस' हा सुमारे 4.8 कोटी वर्षांपूर्वीचा छोटा खुरधारी प्राणी ओळखला गेला आणि 2007 मध्ये त्याचे वर्णन प्रसिद्ध झाले. देवमाशांची ओळख मानली जाणारी कानाच्या हाडाची विशिष्ट जाडी या प्राण्यात आहे.

आता हाच प्रश्न इंटेलिजंट डिझाइनला विचारावा. रचनाकार कोण, त्याने केव्हा आणि कोणत्या रीतीने रचना केली, हे सांगण्यास हा पक्ष नकार देतो. त्यामुळे गुणसूत्रात जोड सापडला तरी ती रचनाच आणि न सापडला तरी ती रचनाच ठरते. असा दावा खोटा आहे असे मी म्हणत नाही. तो तपासता येत नाही, आणि म्हणून विज्ञानाच्या तासाला त्याचे काम नाही, एवढेच माझे म्हणणे आहे.

दाव्याचा कागदोपत्री इतिहासही पाहावा, मात्र त्याला प्रमाणाबाहेर वजन देऊ नये. पेन्सिल्व्हेनियातील डोव्हर गावच्या शाळा मंडळाने ऑक्टोबर 2004 मध्ये ठराव करून नववीच्या विद्यार्थ्यांना एक निवेदन ऐकवण्याचे ठरवले. त्यात डार्विनच्या सिद्धान्तात उणिवा असल्याचे सांगून इंटेलिजंट डिझाइनच्या वर उल्लेखलेल्या शालेय पुस्तकाकडे बोट दाखवले होते. विज्ञानाच्या शिक्षकांनी ते वाचण्यास नकार दिला, म्हणून प्रशासकांनी वर्गात येऊन ते वाचले. अकरा पालक न्यायालयात गेले. खटल्यात त्या पुस्तकाचे जुने मसुदे पुढे आले. शाळेत सृष्टिनिर्मितिवाद, म्हणजे ईश्वरानेच सजीव निर्माण केले हे मत, शिकवण्यास भाग पाडणारा लुईझियानाचा कायदा सर्वोच्च न्यायालयाने 1987 मध्ये रद्द केल्यानंतर मसुद्यातील 'सृष्टिनिर्मितिवादी' या शब्दाच्या जागी 'डिझाइनचे समर्थक' हे शब्द घातलेले दिसले. एका ठिकाणी तर जुन्या शब्दाची अक्षरे नव्यात अर्धवट अडकून राहिली होती. न्यायाधीश जॉन जोन्स यांनी 20 डिसेंबर 2005 रोजी 139 पानी निकाल देऊन ते धोरण घटनाबाह्य ठरवले. दाव्याची वंशावळ कळल्याने हेतू कळतो, युक्तिवादाचे खरेखोटेपण कळत नाही. अमेरिकन न्यायाधीशाने राज्यघटनेचा अर्थ सांगितला. कशाभिका कशी घडली हे प्रयोगशाळेतच ठरते. "न्यायालयाने सांगितले म्हणून" हा उत्क्रांतीच्या बाजूचा युक्तिवाद होऊ शकत नाही.

आपल्याकडे चर्चा बहुधा शब्दांवर अडते. "ही नुसती थिअरी आहे" असे म्हणणाऱ्याला 'थिअरी' आणि 'सिद्धान्त' हे शब्द शेजारी ठेवून दाखवावेत. सिद्ध होऊन अंती उरते ते सिद्धान्त, असा आपल्या शब्दाचा अर्थ आहे आणि उत्क्रांतीला तो यथार्थ लागू पडतो. जानेवारी 2018 मध्ये तत्कालीन केंद्रीय राज्यमंत्री सत्यपाल सिंह यांनी औरंगाबाद येथे, माकडाचा माणूस होताना कोणी पाहिले नाही अशा आशयाचे विधान केले, तेव्हा देशातील तिन्ही विज्ञान अकादमींनी संयुक्त निवेदनाद्वारे आक्षेप घेतला. या शंकेला नम्रपणे दोन उत्तरे द्यावीत. आजचे माकड आपला पूर्वज आहे असे उत्क्रांती सांगतच नाही. चिंपांझी आपला चुलत नातेवाईक आहे, पणजोबा नव्हे. आणि बदल होताना पाहताही येतो: अमेरिकेत रिचर्ड लेन्स्की यांनी 1988 मध्ये सुरू केलेल्या जिवाणूंच्या दीर्घ प्रयोगात, बारा वसाहतींपैकी एका वसाहतीने सुमारे 31,500 पिढ्यांनंतर प्राणवायूच्या सान्निध्यात सायट्रेट हे रसायन खाण्याची, आधी नसलेली, क्षमता मिळवली.

उत्क्रांतीच्या बाजूने बोलणाऱ्यांनी स्वतःच्या तीन सवयी आवराव्यात. उत्क्रांती म्हणजे 'निव्वळ योगायोग' असे बोलू नये. उत्परिवर्तने योगायोगाने होतात, निवड मात्र योगायोगाने होत नाही. दशावतारांच्या क्रमात उत्क्रांती शोधून श्रोत्यांना खूश करू नये, कारण मत्स्य, कूर्म, वराह हा क्रम भक्तीचा आहे आणि त्याला पुरावा म्हणून उभे केल्यास भक्ती आणि विज्ञान या दोहोंवर अन्याय होतो. आणि पहिला सजीव निर्जीवातून कसा आला, हा प्रश्न आला तर तो वेगळा विषय असल्याचे स्पष्ट सांगावे: उत्क्रांतीचा सिद्धान्त सजीव अस्तित्वात आल्यानंतरचे बोलतो, त्याआधीच्या रसायनशास्त्रावर संशोधन चालू आहे, आणि त्या प्रश्नासाठी दुसरी बैठक ठेवावी.