हकलबरी फिन अभ्यासाला आहे? मग गाइड कुठलं आणि कधी

एमए इंग्लिशला अमेरिकन लिटरेचर घेतलंय आणि मार्क ट्वेनचा हक फिन लागलाय, अशांसाठी लिहितेय. स्पार्कनोट्स, क्लिफ्सनोट्स ही गाइड्स खुशाल वापरा, परीक्षेच्या आदल्या दिवशी कुठल्या चॅप्टरमध्ये काय होतं ते पटकन डोळ्यांखालून घालायला बरी पडतात, पण या कादंबरीवरून समीक्षकांत जे भांडण झालंय ते नीट समजून घ्यायचं तर तेवढ्यावर भागत नाही, आणि माझ्या मते खरा अभ्यास तिथेच आहे.

भांडण शेवटाचं. 31व्या चॅप्टरमध्ये हक, पळून आलेला गुलाम जिम कुठे आहे ते कळवायला त्याच्या मालकिणीला, मिस वॉटसनला, लिहिलेलं पत्र फाडून टाकतो, नरकात जावं लागलं तरी बेहत्तर म्हणतो, वाचताना अंगावर काटा येतो. आणि मग हकचा मित्र टॉम सॉयर उगवतो. खोपटात डांबलेल्या जिमला सरळ सोडवायचं सोडून साप काय, उंदीर काय, कोळी काय, नुसता खेळ मांडतो, आणि शेवटी कळतं की मिस वॉटसनने मृत्युपत्रात जिमला कधीच मुक्त केलं होतं आणि टॉमला ते माहीत होतं!

समीक्षक लायनेल ट्रिलिंगने 1948 ला आणि कवी-समीक्षक टी. एस. एलियटने 1950 ला या कादंबरीच्या आपापल्या प्रस्तावनेत या शेवटाची बाजू घेतली, 1953 ला समीक्षक लिओ मार्क्सने दोघांची नावं लेखाच्या शीर्षकातच घेऊन त्यांना उत्तर दिलं. हे तिन्ही ओळीने वाचा. मग कादंबरीकार टोनी मॉरिसनची 1996 ची प्रस्तावना, ती हकची भीती आणि पुस्तकातल्या न बोललेल्या जागा दाखवते. नॉर्टन क्रिटिकल एडिशन चांगलीच आहे, पण ग्राफ आणि फेलन यांनी संपादित केलेली 1995 ची बेडफर्डची आवृत्ती मिळाली तर आधी ती घ्या, त्यात मूळ कादंबरी आणि शेवटाचा हा वाद एकत्रच आहे.

पण गाइड उघडायच्या आधी कादंबरी पूर्ण वाचा, पेन्सिल हातात घेऊन. 15व्या चॅप्टरवर खूण कराच. धुक्यात हक आणि जिमची चुकामूक होते, नंतर हक जिमला पटवतो की तुला स्वप्न पडलं, तेव्हा जिम तराफ्यावरचा पालापाचोळा आणि मोडकं वल्हं बघतो आणि म्हणतो की मित्राला लाजवणारी माणसं असलाच कचरा असतात. हक त्याची माफी मागतो. हा प्रसंग शेवटाशेजारी ठेवा आणि मार्क्सचं पटतं की एलियटचं ते स्वतः ठरवून उत्तरात तसं स्पष्ट लिहा, नुसती चार समीक्षकांची नावं टाकू नका.