पावसाळ्याआधी टर्बाइनच्या हवेच्या वाटेची तयारी

मे महिन्याच्या पहिल्या आठवड्यात ही यादी हातात असायला हवी, म्हणून ती एप्रिलमध्येच लिहून ठेवत आहे. ठाणे-बेलापूर रस्त्यालगतच्या ज्या कारखान्यांत गॅस टर्बाइनवर वीज आणि टर्बाइनच्या गरम धुरावर वाफ तयार होते, तिथे देखभालीचे काम पाहणाऱ्यांसाठी ती आहे. दोन वर्षांपूर्वी हीच तयारी माझ्या देखरेखीखाली झाली होती. फिल्टर सगळे नवे बसवले होते, हवा ओढून दाबणारा टर्बाइनचा कॉम्प्रेसर धुतला होता, नोंदी पूर्ण होत्या, आणि तरीही ऑगस्टमध्ये कॉम्प्रेसरच्या पात्यांच्या पहिल्या ओळींवर मिठाचा चिकट थर सापडला. कारण आत येणारी हवा जिथे गाळली जाते त्या फिल्टर हाउसच्या स्वच्छ बाजूच्या, म्हणजे शेवटच्या फिल्टरपलीकडच्या, ड्रेनला जी यू-आकाराची नळी असते, तिच्यात पाणी भरायचे माझ्याकडून राहिले होते. बाकीच्या बाबी थोड्या मागेपुढे झाल्या तरी निभावते, पण ही एक राहिली तर बाकीची मेहनत वाया जाते.

आधी थोडा हिशेब, कारण तो न कळता केलेली तयारी वरवरची होते. पाच मेगावॉटच्या आसपासचे यंत्र दर सेकंदाला सुमारे २० किलो हवा ओढते, म्हणजे दिवसाला सतराशे टनांहून अधिक, पंधरा लाख घनमीटरच्या घरात. एका घनमीटर हवेत १०० मायक्रोग्रॅम धूळ धरली, तर दिवसाला सुमारे दीडशे ग्रॅम आणि महिन्याला साडेचार किलो धूळ यंत्राच्या दारात येते. टर्बाइन जेवढी शक्ती निर्माण करते तिच्यातली निम्मी किंवा त्याहून अधिक कॉम्प्रेसर चालवण्यातच खर्च होते, त्यामुळे त्याच्या पात्यांचा आकार थराने किंचित बिघडला तरी झळ थेट वीजनिर्मितीला लागते. १० मायक्रॉनहून मोठे कण पात्यांना झिजवतात, त्याहून बारीक कण चिकटून बसतात. आपल्या पट्ट्यात धुळीच्या जोडीला खाडीवरून येणारे मीठ असते, आणि मिठाचा स्वभाव वेगळा आहे. कोरडे असेपर्यंत ते फिल्टरवर अडकून राहते. सापेक्ष आर्द्रता ७५ टक्क्यांच्या वर गेली की हवेतली ओल शोषून ते विरघळते, आणि ते खारे पाणी फिल्टरच्या कागदातून झिरपून पलीकडे जाते. म्हणूनच मे महिन्यात निर्दोष दिसणारी व्यवस्था जुलैमध्ये उघडी पडते.

सामानाची मागणी आत्ताच नोंदवा. मुंबईत मोसमी पाऊस दाखल होण्याची सर्वसाधारण तारीख ११ जून धरली जाते, आणि त्यानंतर फिल्टर हाउसचे दार उघडून काम करणे म्हणजे ओल आत बोलावणे आहे. शेवटच्या टप्प्याचे फिल्टर मागवताना नुसता आकार लिहू नका, दर्जाही लिहा. ईएन १८२२ या मानकाप्रमाणे सर्वांत सहज निसटणाऱ्या कणांपैकी ई-१० दर्जाचा फिल्टर किमान ८५ टक्के, ई-११ दर्जाचा ९५ टक्के आणि ई-१२ दर्जाचा ९९.५ टक्के कण अडवतो. आपल्याकडे मात्र कागद पाणी झिरपू न देणारा आहे की नाही हा प्रश्न या टक्केवारीइतकाच महत्त्वाचा आहे, आणि तो परचेसच्या कागदावर स्पष्ट लिहिलेला असावा. हवेचा झोत उलटा मारून स्वतःला झटकणारे कार्ट्रिज स्वस्तात मिळतात म्हणून कुणी सुचवले, तर नम्रपणे नकार द्या. वाळवंटातल्या कोरड्या धुळीवर ती युक्ती उत्तम चालते. इथल्या दमट, खारट, तेलकट थरावर तो झोत पुरा पडत नाही आणि सेल्युलोजचा कागद ओला होऊन फुगतो. गॅस्केट, धुण्याचे रसायन आणि डीएम, म्हणजे क्षार काढलेल्या, पाण्याची टाकी यांची मागणी त्याच दिवशी द्या.

आता फिल्टर हाउस. बाहेरची छत्री, जाळी आणि पक्ष्यांची घरटी यांवर मी शब्द खर्च करत नाही. त्यामागच्या नागमोडी पट्ट्यांकडे मात्र लक्ष द्या. हवा वळणावळणाने सहज वळते, पाण्याचा थेंब जड असल्याने सरळ जाऊ पाहतो, पट्टीवर आदळतो आणि तिच्या कडेच्या खोबणीतून खाली ओघळतो; एवढ्याच तत्त्वावर हा टप्पा चालतो. हवा फार हळू असेल तर थेंब तिच्याबरोबर वळून निसटतात, फार वेगात असेल तर पट्टीवरचे पाणी पुन्हा उडून हवेत मिसळते, त्यामुळे काही पट्ट्या बुजल्या की उरलेल्यांमधला वेग वाढून त्याही निकामी ठरतात. खोबण्या तारेने नव्हे, पाण्याच्या फवाऱ्याने साफ करा. हेच तत्त्व हेलिकॉप्टरमध्येही वापरतात. १९७० च्या दशकातल्या टी-७०० इंजिनाच्या तोंडाशी हवेला गरगर फिरवून वाळू बाहेरच्या कडेला फेकतात आणि वेगळ्या पंख्याने ती ओढून टाकतात. पण जडत्वावर आधारलेली कोणतीही युक्ती मोठ्या कणांपुरतीच असते. मिठाचे बारीक तुषार तिला जुमानत नाहीत, म्हणून मागे तुषार एकत्र करून त्यांचे मोठे थेंब बनवणारी गादी लागते. ती गादी दाबून पाहा. कडक झाली असेल तर बदला.

या सगळ्या टप्प्यांनी पकडलेले पाणी खाली जाते, आणि इथे माझी चूक येते, म्हणून सावकाश वाचा. चालू यंत्रात फिल्टर हाउसच्या आत बाहेरच्यापेक्षा कमी दाब असतो, आणि शेवटच्या फिल्टरच्या पलीकडे तर सर्वांत कमी. तिथल्या ड्रेनला नुसते भोक ठेवले तर त्यातून पाणी खाली जाण्याऐवजी हवा वर चढते. ते होऊ नये म्हणून ड्रेनखाली यू-नळी असते आणि तिच्यातले पाणी बुचासारखे काम करते. पुढच्या बाजूच्या नळ्या पावसाळ्यात आपोआप भरतात, कारण त्यांच्यात पाणी येतच राहते. स्वच्छ बाजूच्या नळीत कॉम्प्रेसरच्या धुलाईचे पाणी सोडले तर वर्षभर थेंबही येत नाही. तिथे पाणी माणसानेच ओतावे लागते आणि ते उन्हाळ्यात आटून जाते. त्या वर्षी मी सगळ्या नळ्यांची खालची बुचे काढून गाळ साफ करून घेतला, बुचे पुन्हा बसवून घेतली, यादीत खूण केली आणि नळी रिकामीच ठेवली. कॉम्प्रेसर आम्ही त्याच्या आदल्या दिवशीच धुतला होता, म्हणून साफसफाईनंतर धुलाईचे पाणीही तिच्यात आले नाही.

पुढे जे घडले त्याला आणखी एक कारण होते. स्वच्छ बाजूचा ड्रेन आणि पुढच्या टप्प्यांचे ड्रेन खाली एकाच आडव्या पाइपात सोडलेले होते. म्हणजे नागमोडी पट्ट्यांनी आणि गादीने जे खारे पाणी मोठ्या कष्टाने वेगळे केले, ते त्या पाइपातून वाहत असताना त्याच पाइपातली ओली, खारी हवा कोरड्या नळीतून सरळ स्वच्छ बाजूला ओढली जात होती. ७५ मिलिमीटर पाण्याइतका दाबाचा फरक असेल, तर ५० मिलिमीटरच्या एका उघड्या ड्रेनमधून दिवसाला साडेतीन हजार घनमीटरच्या आसपास हवा आत जाते. एकूण हवेच्या मानाने हा आकडा लहान आहे, पण त्या हवेबरोबर थेंब येत होते आणि त्यांना अडवायला पुढे काहीही नव्हते. आमचे ज्येष्ठ फिटर मामा ऑगस्टमध्ये टॉर्च घेऊन आत गेले आणि बाहेर येऊन म्हणाले, "मॅडम, वरून काही नाही, ओघळ खालच्या ड्रेनपासून सुरू होतोय." पहिल्या ओळीच्या पात्यांवर तोवर गंजाचे बारीक खड्डे पडले होते, आणि खड्डे धुऊन जात नाहीत.

तेव्हा नळीत पाणी भरा. किती भरायचे, तेही मोजून ठरवा. एक किलोपास्कल म्हणजे सुमारे १०२ मिलिमीटर पाण्याचा स्तंभ. फिल्टरवरचा दाबाचा फरक २०० मिलिमीटर पाण्याइतका झाला की आमचे यंत्र बंद पडते, म्हणून नळीतले पाणी किमान ३०० मिलिमीटर उंचीचे सील देईल अशी ती असावी. तोकडी असेल तर फिल्टर भरत आल्यावर तेच पाणी वर ओढले जाईल. नळीचा एक भाग पारदर्शक बसवून घ्या, म्हणजे जाता-येता पातळी दिसेल. प्रत्येक ड्रेनला स्वतंत्र नळी हवी आणि शक्य असेल तर स्वच्छ बाजूचा ड्रेन त्या सामाईक पाइपातून कायमचा वेगळा करा. पाणी ओतण्याचे काम यादीत "नळी साफ केली" या ओळीत घुसवू नका. त्याची ओळ वेगळी असावी आणि तिच्यापुढे सही करणारा माणूसही वेगळा असावा.

नवे फिल्टर बसवताना क्लॅम्प समोरासमोरचे थोडे थोडे आवळत जा, नाहीतर गॅस्केट एका बाजूला दबते आणि दुसरीकडे फट राहते. फट तपासायला संध्याकाळनंतर एकाने आत अंधारात उभे राहावे आणि दुसऱ्याने बाहेरून प्रखर दिवा फिरवावा. जिथे प्रकाशाची रेघ दिसेल तिथे गळती आहे. बंदिस्त जागेत शिरण्याचे परमिट घेतल्याशिवाय आणि दारात माणूस उभा केल्याशिवाय हे करू नका. आत जाताना खिसे रिकामे करा आणि हत्यारे मोजून न्या, मोजूनच परत आणा. दाब अति घटला तर डक्ट आत चेपू नये म्हणून जो दरवाजा आपोआप उघडतो, त्याच्या रबरी कडाही याच दिव्याने पाहा.

दाबाच्या फरकाचे मीटर, म्हणजे डीपी, दाखवते त्यावर फार विसंबू नका. त्याच्या बारीक नळ्यांच्या सखल भागात पाणी साचते आणि वाचन चुकते, म्हणून त्या फुंकून साफ करा. शिवाय फट किंवा उघडा ड्रेन डीपीवर दिसत नाही. त्या जुलैमध्ये आमचे डीपी अगदी समाधानकारक होते आणि मी रोज ते पाहून निश्चिंत राहत होते. खरी चाहूल कॉम्प्रेसरच्या बाहेर पडणाऱ्या हवेचा दाब घसरू लागला, आणि तेवढ्याच लोडला इंधन व धुराचे तापमान वाढू लागले, तेव्हा लागली. हे तीन आकडे स्वच्छ यंत्रावर टिपून ठेवा, हवेच्या तापमानासह.

आता धुलाई, आणि ती ड्रेनच्या साफसफाईनंतर, आधी नव्हे. यंत्र पुस्तिकेत दिलेल्या तापमानापर्यंत थंड होऊ द्या. गरम धातूवर गार पाणी पडले तर आवरणे आणि पाती वेगवेगळ्या गतीने आकसतात. घाई करणाऱ्या प्रॉडक्शनवाल्यांना हे आधीच सांगून ठेवा. बेअरिंगच्या सीलकडे, टर्बाइनच्या कूलिंगकडे आणि दाब मोजणाऱ्या उपकरणांकडे जाणाऱ्या हवेच्या वाटा पुस्तिकेप्रमाणे बंद करा. गरम भागातल्या पात्यांमधली थंड हवेची छिद्रे एक मिलिमीटरहूनही लहान असू शकतात. काही पात्यांच्या टोकाला कण बाहेर फेकले जावेत म्हणून मुद्दाम वेगळे भोक ठेवलेले असते, पण धुलाईचा गाळ तिथे गेल्यावर ते भोकही पुरे पडेल याची खात्री नाही. मीठ पुढे गेले तर इंधनातल्या किंवा हवेतल्या गंधकाशी मिळून सोडियम सल्फेट बनते आणि ते तापलेल्या धातूला खाते. हे सगळे टाळण्यासाठी पाच-सहा व्हॉल्व्ह बंद करायचे आहेत, तेवढे नीट करा आणि प्रत्येकाला टॅग लावा.

पुढचे थोडक्यात. इंधन बंद, कॉम्प्रेसरच्या तोंडाशी असलेली, कोन बदलता येणारी पाती पूर्ण उघडी, खालचे ड्रेन उघडे. यंत्र क्रँकवर, म्हणजे नुसत्या स्टार्टरने, फिरवत रसायन मारा, भिजू द्या, मग डीएम पाण्याने बाहेरचे पाणी स्वच्छ येईपर्यंत धुवा. पाणी डोळ्यांना स्वच्छ दिसले तरी त्याची कंडक्टिव्हिटी, म्हणजे वीज वाहून नेण्याची क्षमता, मोजा, मीठ डोळ्यांना दिसत नाही. वाळवा. टॅग काढा, व्हॉल्व्ह उघडा, मोजून उघडा. बोअरस्कोपने, म्हणजे आत सरकवायच्या बारीक कॅमेऱ्याने, फोटो काढा. परमिट बंद करा.

फिल्टर हाउसचे दार लावण्यापूर्वी स्वच्छ बाजूच्या नळीत पाणी भरा. यंत्र पूर्ण लोडवर आल्यावर पातळी पुन्हा पाहा, कारण सुरुवातीच्या ओढीने ती खाली-वर होते. त्यानंतर दर सोमवारी पहिल्या शिफ्टमध्ये पाहा आणि कमी असेल तर डीएम पाणी ओता, बाहेर धो धो पाऊस पडत असला तरी, कारण तो पाऊस त्या नळीपर्यंत पोहोचत नाही.